आधी कारवी, मग बिबट्या

ठाणे

प्रिय मित्रास,
अनेक आशीर्वाद.

येऊरच्या जंगलात बिबट्याचा अभ्यास करण्याचे तू ठरवले आहेस, हे वाचून समाधान वाटले. तरीही पहिले वर्षभर बिबट्याचा ध्यास बाजूला ठेवून तू कारवी या रानझुडपापासून सुरुवात करावीस, असा माझा आग्रह आहे. बिबट्या क्वचित दिसतो आणि दिसला तरी क्षणभरच. कारवी मात्र रोज जागेवर सापडते आणि जमीन, पाऊस, माणूस यांविषयी विचारशील तेवढे सांगते.

संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या या ठाण्याकडील उतारांवर ती दाट वाढते. सात वर्षे नुसती वाढते, आठव्या वर्षी पावसाळ्याच्या उत्तरार्धात सगळीकडे एकदमच निळ्या-जांभळ्या फुलांनी भरून जाते आणि बी धरून मरते. २०१६ आणि २०२४ मध्ये हा बहर पाहायला गर्दी लोटली. पण फुले ओसरल्यावर खरे जोखमीचे दिवस सुरू होतात, कारण बोंडे उन्हाळ्यापर्यंत वाळत राहतात, मग तडकून बी उडवतात आणि ते पावसात रुजते. त्याआधीच तिथे वणवा फिरला, तर त्या उतारावरची आठ वर्षांची पुंजी जाते आणि मुळांनी धरून ठेवलेली मातीही ओढ्याला लागते. म्हणून बहराच्या छायाचित्रांपेक्षा त्यानंतरच्या उन्हाळ्यातील नोंदी मला अधिक मोलाच्या वाटतात.

कारवीचे पान बोटांनी चाचपून पाहा. ते खरखरीत लागते आणि त्याच्या कडा दातेरी असतात. तिच्याच काठ्यांचे कूड उभारून ते शेणमातीने लिंपण्याची रीत वारली घरांमध्ये पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे. पाड्यावर गेलास की एखाद्या आजींजवळ बसून कोणत्या उतारावरची काठी टिकते ते विचार, आणि वाघोबाविषयी, म्हणजे वाघ-बिबट्याच्या रूपातल्या त्यांच्या देवाविषयी, त्या बोलू लागल्या तर मध्ये न बोलता ऐक. बिबट्याच्या शेजारी राहण्याचा इतका जुना अनुभव आपल्या शहरी लोकांपाशी नाही.

बिबट्याकडे वळशील तेव्हा जंगलाच्या आत शिरण्याआधी त्याची कड तपास. उघड्यावर टाकलेल्या अन्नावर भटकी कुत्री पोसली जातात आणि त्या कुत्र्यांसाठी बिबट्या वस्तीपर्यंत येतो. कचरा वेळेवर उचलला गेला, तर पिंजरे लावण्याची मागणी बरीच कमी होईल, असे माझे ठाम मत आहे. घोडबंदर रस्त्याचाही स्वतंत्र अभ्यास कर. मुख्य उद्यान आणि नागल्याचे जंगल यांच्यामधून तो जातो, आणि पलीकडे, खाडीपल्याड, तुंगारेश्वर अभयारण्य आहे. रात्री हा रस्ता ओलांडणाऱ्या प्राण्यांना भरधाव वाहनांतून वाट काढावी लागते. त्यात केवळ बिबट्या धरू नकोस. वाघाटीसारखे इवलेसे, दुर्मीळ रानमांजर मेले तर कुणाच्या लक्षातही येत नाही. प्रत्येक नोंदीत जागा, वेळ आणि दोन्ही बाजूंची झाडी लिही.

वन विभागाची लेखी परवानगी मिळाल्याशिवाय काम सुरू करू नकोस. अर्जाचा मसुदा मला आधी पाठव, मी तो तपासून देईन.

तुझा हितचिंतक