कायद्याचं बोला : शाळेचा वाद मध्यस्थीत, पण सही कुणाची?

प्रश्न : हिंगणा तालुक्यातल्या एका अनुदानित माध्यमिक शाळेत मी सहशिक्षिका होते. संस्थेने सेवा संपवली. शाळा न्यायाधिकरणाने माझं अपील मंजूर केलं, त्यावर संस्थेने नागपूर खंडपीठात रिट याचिका केली. न्यायालयाने आता प्रकरण मध्यस्थीकडे पाठवलंय. संस्था म्हणते, 'रुजू करून घेतो, मागचा पगार सोडा.' मान्य करावं का?

उत्तर : पगाराचं नंतर बघू. समोर बसलेल्या माणसाला सही करायचा अधिकार आहे का, हे पहिल्याच बैठकीत विचारा. मुख्याध्यापकांना नाहीतर लिपिकाला पाठवून दोन-तीन तारखा सहज वाया घालवता येतात. अध्यक्ष किंवा सचिवांना तडजोडीचा अधिकार देणारा कार्यकारी मंडळाचा ठराव हवा. त्याची सही-शिक्क्याची प्रत मध्यस्थांकडे द्यायला लावा.

खरी गोम पुढेच आहे. अनुदानित पदाचा पगार शासन देतं, त्यामुळे तुमचा आणि संस्थेचा समझोता शिक्षणाधिकाऱ्यांना आपोआप बांधत नाही. सह्या होतात, पेढे वाटले जातात आणि नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता नाही म्हणून बिल वेतन पथकात, म्हणजे पगाराची बिलं पास करणाऱ्या शासकीय कार्यालयात, अडकतं. मधल्या काळात तुमच्या जागी दुसरं कुणी नेमलं असेल तर हमखास, कारण एका मंजूर पदावर दोघांचा पगार निघत नाही. म्हणून शिक्षणाधिकारी (माध्यमिक), जिल्हा परिषद, नागपूर हे याचिकेत पक्षकार आहेत का ते तपासा. असतील तर त्यांचा प्रतिनिधी बैठकीला बोलवायची विनंती मध्यस्थांना करा.

समझोत्यात 'लवकरात लवकर' हा शब्द येऊ देऊ नका. 'अमुक तारखेला रुजू, त्यानंतर 15 दिवसांत मान्यतेचा प्रस्ताव, मान्यता नाकारली गेल्यास पगार संस्था स्वनिधीतून देईल,' असं लिहून घ्या. रक्कम ठरलीच तर हप्ते, तारखा, चुकल्यास व्याज आणि आकडा कर कापण्यापूर्वीचा की नंतरचा, हेही लिहा. या शेवटच्या मुद्द्यावरून मिटलेली भांडणं पुन्हा पेटतात.

आता तुमचा प्रश्न. रोख रकमेत थोडं मागे सरकायला हरकत नाही. सेवेच्या सलगतेत अजिबात नाही. वेतनवाढी, ज्येष्ठता, 12 वर्षांची वरिष्ठ श्रेणी, 24 वर्षांची निवड श्रेणी, सगळं तिच्यावर उभं असतं. 'मधला काळ सेवेत धरून काल्पनिक वेतननिश्चिती करावी, सेवापुस्तकात तशी नोंद घ्यावी, ज्येष्ठता यादीत मूळ जागा द्यावी,' या ओळी नसतील तर सही करू नका. (काल्पनिक वेतननिश्चिती म्हणजे मधल्या काळाची रक्कम हातात न देता, त्या काळातल्या वेतनवाढी धरून आजचा पगार ठरवणं.) मध्यस्थ म्हणजे लवाद नव्हे, तो निकाल देत नाही. नाही म्हणालात तर याचिका आहे तिथून पुढे चालते. जमलंच, तर समझोता न्यायालयापुढे ठेवून त्यावर आदेश होईपर्यंत थांबा, नुसत्या सह्यांवर विसंबू नका.

प्रश्न : बैठकीत मी चूक कबूल केली आणि बोलणी फिसकटली, तर ती पुढे माझ्यावर उलटेल का?

उत्तर : नाही. तिथलं बोलणं गोपनीय असतं आणि मध्यस्थाला साक्षीला बोलावता येत नाही. न्यायालयाला फक्त 'तडजोड झाली नाही' एवढंच कळवलं जातं. मध्यस्थाला एकट्याने भेटताना काही सांगितलंत, तर 'हे समोरच्याला सांगू नका' असं स्पष्ट म्हणा. पण बैठकीबाहेर व्हॉट्सअॅपवर लिहिलेल्या माफीला हे संरक्षण मिळेल, असं धरून चालू नका.

प्रश्न : सेवासमाप्तीचं पत्र कालच मिळालं. आधी मध्यस्थी करून पाहू का?

उत्तर : आधी अपील. 1977 च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्यात त्यासाठी 30 दिवस आहेत आणि संस्थेशी बोलणी चालू आहेत म्हणून ते थांबत नाहीत. उशीर माफ होऊ शकतो, पण सबळ कारण दाखवावं लागतं.

प्रश्न : आमच्या संस्थेत दोन गट आहेत, दोन्हीकडे अध्यक्ष. मध्यस्थीत एका कार्यकारिणीवर एकमत झालं तर मिटलं ना?

उत्तर : अर्धंच. धर्मादाय आयुक्त कार्यालयाच्या नोंदवहीत नावं बदलायला सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम 22 खालचा बदल अर्ज लागतोच, तोही बदल झाल्यापासून 90 दिवसांत. आधीचे अर्ज प्रलंबित असतील तर कोणता गट कोणता अर्ज मागे घेणार, हे अर्जाच्या क्रमांकासह समझोत्यात लिहा.