काल्पनिक संस्कृतीसाठी विधीचे मापनयंत्र रचताना

आपल्या कथेतील पुरोहितांच्या हाती जे मापनयंत्र आपण देऊ इच्छिता, त्याच्या नक्षीकामाआधी ते नेमके काय मोजते आणि त्या मोजणीवर कोणाचे काय अवलंबून आहे हे ठरवावे, असे मी आग्रहाने सांगेन. आपल्याकडचे घटिकापात्र पाहावे. तळाशी बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडली की ती हळूहळू भरते आणि एका घटिकेने, म्हणजे २४ मिनिटांनी, बुडते. लग्नाचा मुहूर्त तिच्यावर साधला जाई, म्हणूनच तिची पूजाही होई.

कैरोतील रोडा बेटावरचा नाईलमापक स्तंभ याहून बोलका आहे. इ. स. ८६१ मध्ये उभारलेल्या या संगमरवरी स्तंभावर हाताच्या मापाच्या खुणा आहेत. पूर १६ हातांपर्यंत चढला की कालव्याच्या तोंडावरचा बांध फोडण्याचा उत्सव होई, आणि पाण्याच्या उंचीवरून शेतसारा ठरे. विधी आणि महसूल असे एकाच खुणेवर टेकले की ती खूण वाचण्याचा अधिकार कोणाला आणि आकडा जाहीर कधी करायचा, हे सत्तेचे प्रश्न होतात. माझ्या मते कथानक शोधायचे ते येथेच.

यंत्राच्या उणिवांचाही विचार करावा. छिद्रात क्षार साचला तर वाटी उशिरा बुडेल. ते छिद्र कोण साफ करते, आणि शंका आल्यास ताडून पाहण्यासाठी दुसरे पात्र कोणाच्या ताब्यात असते, हे लिहिण्यापूर्वीच निश्चित करावे. एककांची नवी नावे मात्र दोनच ठेवावीत.