टोरंटोला फिल्मसाठी येतेयस तर साउंड सोडू नकोस

अगं, तू विचारलंस की इंदूरात नाटकांचं साउंड करतेस, आता टोरंटोला दोन वर्षांचा फिल्म डिप्लोमा करून एकदम डायरेक्शनमध्ये उतरायचं, साउंड बंद, जमेल का. मी पण इंदूरचीच, इथे टोरंटोत साउंडवर सुरुवात केली, मग डॉक्युमेंटरी डायरेक्ट केल्या, आता प्रोड्यूस पण करते, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी डिप्लोम्याचं. १ नोव्हेंबर २०२४ पासून स्टडी परमिटसाठी अर्ज करणाऱ्यांना कॉलेज डिप्लोम्यानंतरचं वर्क परमिट ठरावीक विषयांनाच मिळतं, हेल्थ, सायन्स, सुतारकाम-प्लंबिंगसारखे ट्रेड वगैरे, आणि फिल्म त्यात नाही. म्हणजे आईबाबांनी प्लॉट विकून फी भरायची आणि शिकून झालं की सामान बांधायचं. युनिव्हर्सिटीच्या डिग्रीला ही विषयाची अट नाही, मास्टर्स केलंस तर तीन वर्षांचं परमिट मिळू शकतं. यंदा नाही जमलं तर वर्षभर थांब पण डिप्लोम्यात पैसे घालू नकोस प्लीज.

आता साउंड का नाही सोडायचं. इथे सरकारी टॅक्स क्रेडिटसाठी, म्हणजे करातल्या सवलतीसाठी, फिल्म कॅनेडियन ठरावी लागते, त्याला १० पैकी ६ पॉइंट लागतात, डायरेक्टरचे २, रायटरचे २, मग कॅमेरामन, एडिटर, संगीतकार वगैरेंचा एकेक, आणि ती माणसं सिटिझन किंवा पीआर (कायम राहायचा परवाना असलेली) असली तरच पॉइंट मिळतो. मग वर्क परमिटवरच्या नवीन मुलीला डायरेक्टर घेऊन कोण आपले २ पॉइंट घालवेल? साउंड रेकॉर्डिस्टला त्या टेबलात पॉइंटच नाही, तुला घेतलं तरी ते गणित बिघडत नाही. प्रोड्यूसर पण सिटिझन किंवा पीआरच लागतो, म्हणून माझं स्पष्ट मत आहे, साउंडवर पोट भर, पीआर घे, मग स्वतःची फिल्म.

सुरुवात बूमने कर, म्हणजे लांब काठीवरचा माइक धरायचं काम. बूम धरणाऱ्याला पुढचं वाक्य कोणाचं आहे ते पाठ असावं लागतं, आणि तू आपल्या इंदूरच्या सानंद संस्थेच्या नाटकांना बसून बसून ते कान कमावलेत, हे इथल्या फिल्म स्कूलच्या मुलांकडे सहसा नसतं, खरंच सांगते. बाकी शिकशील, थंडीत सगळ्यांचे जाडे जॅकेट कॉलरला लावायच्या लेपल माइकवर खरखर करतात, बॅटऱ्या पटापट बसतात, आणि विजेचा हम आपल्याकडे ५० हर्ट्झचा तो इथे ६० चा.

मोठ्या सेटवरचे साउंडवाले आयात्सी (IATSE) या युनियनच्या इथल्या शाखेत, लोकल ८७३ मध्ये असतात, पण मला विचारशील तर तू डायलॉग एडिटिंगकडे पण बघ, कारण इथल्या डायरेक्टर्स गिल्डच्या ओंटारियो शाखेत साउंड एडिटर पण येतात, म्हणजे डायरेक्टर लोकांमध्ये उठबस आपोआप होते. स्वतःचं छोटं काही करायचं असेल तर लिफ्ट म्हणून १९८१ पासूनची फिल्ममेकर्सची संस्था आहे, मेंबर झालीस की कॅमेरा, माइक भाड्याने मिळतात.

निघायच्या आधी तुझं दोन मिनिटांचं लाइव्ह डायलॉग रेकॉर्डिंग मला पाठव, म्युझिक न लावता, साफ न करता, आहे तस्सं. ऐकून सांगते कुठल्या कामाला आधी अर्ज करायचा ते.