तिला काय ठाऊक आहे, आणि कधीपासून

प्रिय बेटा,

अभिनयात तू नवीन आहेस, म्हणून थरारपटात तुला छोट्या भूमिकांसाठीच बोलावतील, तेही बहुधा महिला शिपाई, शेजारीण, घरकाम करणारी बाई किंवा हरवलेल्या मुलीची आई म्हणून. चार-पाच प्रसंग, त्यातले एक-दोन बिनबोलाचे. संहिता हातात आली की संवाद मोजत बसू नकोस. वहीत तीन रकाने आख: प्रसंगाचा क्रमांक, त्या वेळी तुझ्या पात्राला काय ठाऊक आहे, आणि ती कोणापासून काय लपवते आहे. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही, जागा मिळेल तसं होतं. सकाळी प्रसंग ६२, दुपारी प्रसंग ९. बासष्टमध्ये मृतदेह पाहिलेली बाई नऊमध्ये दार उघडताना तीच धास्ती चेहऱ्यावर घेऊन आली, तर प्रेक्षकाला पुढचं आधीच कळतं. मग संकलनात तो शॉट जातो, आणि त्याच्याबरोबर तुझं कामही.

रहस्य ठाऊक असलेली बाई साकारताना नवख्या मुली संशयास्पद दिसायला जातात. नजर चोरतात, ओठ चावतात. लपवणारं माणूस उलट नेहमीपेक्षा साधं वागायला बघतं. म्हणून हाताला काम दे. भाकरी थाप, कपड्यांच्या घड्या घाल, आणि समोरच्याच्या एका ठरावीक शब्दावर हात क्षणभर थांबव. एकदाच. तो शब्द वहीत लिही, कारण मास्टर (सगळा प्रसंग दुरून), ओव्हर-द-शोल्डर (समोरच्याच्या खांद्यावरून) आणि क्लोज-अप (जवळून), तिन्हींत हात तिथेच थांबायला हवा. नाही जुळला तर तुझा सगळ्यात चांगला टेकही संकलकाला वापरता येत नाही.

रडण्याचा प्रसंग असेल तर क्लोज-अप कधी लागणार हे सहायक दिग्दर्शकाला आधी विचार. मास्टरमध्येच सगळे अश्रू संपले, तर हवे तेव्हा ते येत नाहीत. क्लोजमध्ये समोरच्याचं वाक्य पूर्ण होऊ दे. दोन आवाज एकमेकांवर चढले की ते वेगळे कापता येत नाहीत. दिग्दर्शकानेच तसं सांगितलं तर गोष्ट वेगळी. कॉलर माइक लावल्यावर सिंथेटिक पदर घासून खसखस येते, तेव्हा ध्वनिमुद्रकाला पदर कुठे खोचू ते विचार.

आता सेल्फ-टेप, म्हणजे घरीच फोनवर स्वतःचं ऑडिशन चित्रित करून पाठवणं. जळगाव-भुसावळच्या एप्रिल-मेमध्ये कूलर आणि पंखा बंद करून दुपारी टेप होत नाही. चालू ठेवले तर आवाज येतो, बंद केले तर चेहरा घामाने चमकतो. सकाळी आठच्या आत उरक. तोंड खिडकीकडे, मागे कोरी भिंत, फोन आडवा आणि डोळ्यांच्या उंचीवर. समोरचे संवाद वाचणारी व्यक्ती लेन्सच्या अगदी शेजारी उभी कर, आणि तिला हळू वाचायला सांग. ती माइकजवळ असते, त्यामुळे तिचाच आवाज मोठा येतो. नाव, वय, उंची, गाव आणि चेहऱ्याच्या दोन्ही बाजू वेगळ्या फाइलमध्ये दे.

राज्य नाट्य स्पर्धेच्या जळगाव केंद्रावर काम केलं असशील, तर पाठांतर आणि श्वास तुझ्याकडे आहेत. फक्त शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचा आवाज कॅमेऱ्यापुढे निम्म्याहून खाली आण. ‘डोळे’ला ‘डोये’ म्हणणारी आपली बोली पुसून टाकू नकोस. प्रमाण मराठी आणि हिंदी वेगळी घोटून ठेव, बोली शाबूत ठेव. धुळ्याच्या पोलीस ठाण्यातली बाई शहरी मराठी बोलली, तर प्रेक्षकाचा तिच्यावरचा विश्वास तिथेच उडतो.

दुय्यम भूमिका ही नायिकेच्या वाटेवरची पायरी, असं तुला सगळे सांगतील. आम्हाला ते पटत नाही. सहाय्यक अभिनेत्रीसाठी वेगळा राष्ट्रीय पुरस्कार १९८४ च्या चित्रपटांपासून दिला जातो, आणि पहिला रोहिणी हट्टंगडींना मिळाला. हे स्वतंत्र काम आहे आणि त्यात आयुष्यभर राहता येतं.

पैशाचं मात्र कागदावर ठेव. कामाचे दिवस, दिवसाचा दर, कामाच्या पाळीचे (शिफ्टचे) तास, गाडीभाडं, राहण्याची सोय, डबिंगचं मानधन वेगळं की त्यातच, आणि रात्रीच्या चित्रीकरणानंतर खोलीवर सोडण्याची जबाबदारी कोणाची, हे सगळं करारात हवं. थरारपटात रात्रपाळ्या खूप असतात. मानधनातून साधारणपणे १० टक्के टीडीएस, म्हणजे आधीच कापून घेतलेला आयकर, कापला जातो. पॅन दिला नाही तर २० टक्के. शेवटचा हप्ता डबिंगच्या आधी मिळेल असं लिहून घे, कारण आवाज देऊन झाल्यावर निर्मात्याला तुझी घाई उरत नाही. ऑडिशनसाठी, ओळखपत्रासाठी किंवा ‘नोंदणी’साठी कास्टिंगवाल्याने पैसे मागितले, तर तिथून लगेच निघ.

पहिला करार हातात आला की सही करण्याआधी आम्हाला पाठव. वाचून, खुणा करून परत देऊ.