सूरसेवा : गाण्याचं पाकीट घ्यावं का?

प्रश्न : ताई, सलाम. मी जालन्याचा, वय 24. मंडळीत, म्हणजे आमच्या चर्चमध्ये, की-बोर्ड वाजवतो, गातो. हल्ली आसपासच्या तालुक्यांतून बोलावणी येतात. कधी कन्व्हेन्शन म्हणजे मोठा ख्रिस्ती मेळावा, कधी नाताळचा कार्यक्रम, कधी कुणाच्या घरची उपकारस्तुती, म्हणजे देवाचे आभार मानायची प्रार्थना. निघताना कुणीतरी हातात पाकीट ठेवतं. बाबांचं काम सुटलंय, बहीण शिकतेय. बाबा म्हणतात, रेट ठरव. मंडळीतले एक काका मात्र चारचौघांत म्हणाले, "देवाचं गाणं विकतोस का?" तेव्हापासून गाताना घसा दाटतो. आमच्या तरुण संघात 'ऑसम गॉड' आवडीने गातात. ते लिहिणारा रिच मलिन्स सगळी कमाई वाटून टाकायचा असं ऐकलं. खरं का? मग मीही घेऊ नये का?

उत्तर : सलाम. तू गाता गाता अडलायस, म्हणून उत्तर आधी देते. पाकीट घे. मात्र ते कुणी उघडायचं, हे आजच ठरव. ही गोष्ट मला रिच मलिन्सच्या आयुष्यातूनच कळली, म्हणून त्याच्याबद्दल जरा सविस्तर लिहिते.

मलिन्स 21 ऑक्टोबर 1955 चा, अमेरिकेतल्या इंडियाना राज्यातला. वडील झाडांची शेती करायचे. घर क्वेकर पंथाचं, म्हणजे प्रार्थनेत शांत बसण्याला मोठा मान असलेलं. पणजीने त्याला लहानपणीच पियानोवर चार आवाजांत स्तोत्रं वाजवायला शिकवलं. त्याचं सगळं पुढचं संगीत त्या पणजीपाशी सुरू होतं, असं मी मानते. ज्याचा हात लहानपणी चार आवाजांवर बसला, त्याला नुसती एकेरी चाल पुरत नाही. 1974 मध्ये तो सिनसिनाटीच्या बायबल कॉलेजात गेला. शिकता शिकता जवळच्या केंटकी राज्यातल्या एका मेथडिस्ट मंडळीचं संगीतही त्याने सांभाळलं. म्हणजे सुरुवात तुझ्यासारखीच, मंडळीतल्या वाद्यापासून.

नाव झालं ते दुसऱ्याच्या गळ्यातून. 1982 मध्ये एमी ग्रँट या गायिकेने त्याचं गाणं आपल्या अल्बममध्ये घेतलं आणि तो अल्बम अमेरिकेत तुफान चालला. मलिन्सचा स्वतःचा पहिला एकल अल्बम त्यानंतर चार वर्षांनी, 1986 मध्ये आला. 'ऑसम गॉड' 1988 चं. ते तू कडवं आणि धृपद वेगवेगळं करून वाजवून बघ. कडव्यात चाल जवळजवळ नाहीच, एखादा उपदेशक आवाज चढवत बोलत जावा तसे शब्द येतात. मग धृपद येतं, मोजक्या सुरांचं, पहिल्यांदा ऐकणाऱ्यालाही दुसऱ्या फेरीत गाता येईल असं. हजार माणसं एका आवाजात गातात ती या रचनेमुळे. मलिन्स स्वतः मात्र म्हणायचा की आपण लिहिलेल्या सगळ्यांत कच्च्या गाण्यांपैकी हे एक आहे, पण सांगायचं इतकं निकडीचं होतं की ते बाहेर पडणं भाग होतं. आपल्या सर्वांत गाजलेल्या गाण्याबद्दल इतकं खरं बोलायला मोठं मन लागतं. आणि मला वाईट याचंच वाटतं की आपल्याकडच्या मुलांना तो या एकाच गाण्यापुरता माहीत आहे. 1993 मध्ये त्याने आपल्या रॅगमफिन बँडबरोबर केलेला अल्बम तुम्ही तरुण संघात एकदा सलग ऐका. त्याचा पहिला अर्धा भाग उपासनेच्या क्रमासारखा बांधलाय. आपण दर रविवारी उभं राहून म्हणतो तो प्रेषितांचा मतांगीकार, म्हणजे आपल्या विश्वासाची कबुली, तिथे त्याने आहे तसा, शब्द फारसे न हलवता, चालीत बसवलाय.

आता पैशांचं. तुझ्या कानावर आलं ते खरं आहे, पण अर्धंच. गाणी चालू लागली, रॉयल्टी येऊ लागली, तेव्हा त्याने सगळी मिळकत आपल्या मंडळीच्या कारभारी वडीलधाऱ्यांच्या हाती दिली. त्यांनी त्याला दरवर्षी तेवढाच पगार द्यायचा, जेवढा अमेरिकेतला सर्वसाधारण कामगार सरासरी कमावतो. उरलेलं दानधर्माला. आपण एकूण किती कमावले हा आकडासुद्धा त्याने स्वतःला सांगू दिला नाही. किती दिले हे माहीत नसेल तर देणं सोपं जातं, असं त्याचं म्हणणं होतं.

इथे नीट लक्ष दे. तो पगार घेत होता. फुकट गायला नाही, उपाशीही राहिला नाही. सोडलं ते एवढंच, की आपल्या कमाईचा मालक आपणच असायचं. ज्या कामात टाळ्या आणि पैसा एकदम येतात, तिथे माणसाचा तोल जातो, हे त्याने आपल्याबद्दल ओळखलं होतं. म्हणून आपल्या मनावर विसंबून न राहता त्याने व्यवस्था लावली. मला तो यासाठी मोठा वाटतो. भावनेच्या भरात एकदा सगळं देऊन टाकणारे पुष्कळ भेटतात. दरवर्षी हिशेब दुसऱ्याच्या हातात ठेवणारा विरळा.

चाळिशीच्या उंबरठ्यावर, देशभर नाव असताना, तो विचिटा शहरातल्या फ्रेंड्स युनिव्हर्सिटीत संगीत शिक्षणाची पदवी घ्यायला वर्गात बसला. 1995 मध्ये पदवी मिळाली आणि तो न्यू मेक्सिकोत त्से बोनिटो इथे, नवाहो आदिवासींच्या भूमीवर, मुलांना संगीत शिकवायला राहायला गेला. लोकांनी विचारलं, तिथे धर्मप्रसार करायला चाललास का? तर नाही. सुखवस्तू गोऱ्या मंडळींनी रंगवलेल्या देवाच्या चित्राला तो कंटाळला होता. नवाहो लोकांत ख्रिस्त सापडण्याची शक्यता आपल्याला जास्त वाटते, असं त्याने सांगितलं. मी आयुष्यभर शाळेत गाणं शिकवलं. इतक्या उंचीवर पोचलेला माणूस शिक्षक व्हायची पदवी घेतो, हे वाचलं तेव्हा मला आपल्या पेशाचा फार अभिमान वाटला.

तुझे काका चूक म्हणत नाहीत, हेही सांगते. आपल्या मातीत हा प्रश्न जुना आहे. जिथे कीर्तन करावं तिथलं अन्नसुद्धा घेऊ नये, असं तुकोबांनी बजावून ठेवलंय, आणि कीर्तनाचे पैसे घेणारा नि देणारा दोघांनाही दोषी धरलंय. आपल्या ख्रिस्ती कवी ना. वा. टिळकांनी 1917 मध्ये मिशनच्या पगारावर पाणी सोडलं आणि साताऱ्यात 'देवाचा दरबार' मांडला. त्यांची भजनं आजही आपल्या 'उपासना संगीत' या गीतपुस्तकात आहेत. पण टिळकांच्या देण्याला धरबंध नव्हता आणि संसाराची ओढाताण लक्ष्मीबाईंनी सोसली, हे 'स्मृतिचित्रे' वाचलेल्या कुणालाही ठाऊक आहे. मलिन्सने लग्न केलं नव्हतं, मुलंबाळं नव्हती. तुझ्यामागे आईबाबा आहेत, बहिणीची फी आहे. त्याचा त्याग जसाच्या तसा तू उचललास तर त्याची किंमत तुझी बहीण मोजेल. हे मला मान्य नाही आणि देवालाही मान्य असेल असं मला वाटत नाही.

तर तू असं कर. मंडळीतली दोन माणसं निवड. एक तुझ्यावर माया करणारं आणि एक तुला खडसावणारं. खडसावणारे म्हणून त्या काकांनाच विचार, मी मनापासून सांगते. मिळालेलं प्रत्येक पाकीट न उघडता त्यांच्यासमोर ठेव आणि वहीत नोंद कर. घरखर्चाला महिन्याला किती लागतात ते बाबांच्या समोर बसून ठरवा आणि तेवढे बिनदिक्कत घे. ती मजुरी आहे आणि मजूर आपल्या मजुरीस योग्य आहे, हे शास्त्रातच आहे. वर उरेल ते कुठे द्यायचं, हे त्या दोघांना ठरवू दे. बोलावणाऱ्यांना रेट सांगू नकोस, पण गाडीभाडं आणि तबला-ढोलकीवाल्याचे पैसे आधीच स्पष्ट सांग. साथीदाराला फुकट राबवून आपण सेवा केली म्हणणं अन्यायाचं आहे. मयताच्या घरी मात्र एक रुपयाही घ्यायचा नाही. तिथे चहा घे आणि नीघ.

आणखी एक, आणि हे फार जीव तोडून लिहितेय. 19 सप्टेंबर 1997 च्या रात्री मलिन्स आणि त्याचा तरुण सोबती मिच मॅकविकर इलिनॉयमधून जीपने निघाले होते, विचिटाला मदतनिधीच्या कार्यक्रमासाठी. दोघांनीही सीटबेल्ट लावले नव्हते. जीप उलटली, दोघे बाहेर फेकले गेले. मागून येणाऱ्या ट्रकने जीप चुकवायला वळण घेतलं आणि त्याखाली मलिन्स गेला. वय 41. मॅकविकर गंभीर जखमी झाला, पण वाचला. त्याच्या नऊच दिवस आधी मलिन्सने एका ओसाड देवळात साध्या कॅसेटवर येशूच्या जीवनावरची नवी गाणी कच्ची भरून ठेवली होती. ती पुढच्या वर्षी त्याच्या बँडने आणि मित्रांनी पुरी केली. त्या अल्बममध्ये एका वेगळ्या तबकडीवर कॅसेटवरचा त्याचा आवाजही जसाच्या तसा ठेवलाय, खरखरीसकट. मला तीच तबकडी जास्त आवडते, पण ती ऐकताना दर वेळी त्या न लावलेल्या पट्ट्याचा विचार येतो. तू कन्व्हेन्शन आटोपून रात्री-बेरात्री मोटरसायकलवर परततोस का, ते तू लिहिलं नाहीस. परतत असशील तर बंद कर. पाकीट कमी दिलं तरी चालेल, मुक्कामाची सोय करा, असं सांग. हेल्मेट घाल.

प्रश्न : मी वसईची. माझी मुलगी संतूर शिकते. मिस्साच्या, म्हणजे आमच्या कॅथलिक उपासनेच्या वेळी संतूर वाजवलेलं चालेल का, की ते फार शास्त्रीय वाटेल?

उत्तर : फादरना विचारा, पण माझ्याकडून भरघोस होकार. वरच्या उत्तरातल्या मलिन्सचं आवडतं वाद्य हॅमर्ड डल्सिमर, ते संतूरचंच भावंड. तसाच चौकटी, एका बाजूला निमुळता खोका, वर ताणलेल्या तारा, दोन हातांत दोन हलक्या काठ्या. फरक आहेत. आपल्याकडे पंडित शिवकुमार शर्मांच्या पद्धतीत संतूर मांडीवर असतं आणि तारा शंभराच्या घरात. डल्सिमर स्टँडवर ठेवतात, तारा कमी, बहुधा एका सुराला दोन. मधली घोडी अशी बसवलेली असते की त्याच तारेच्या उजव्या भागावर सा लागला तर डाव्या भागावर पंचम मिळतो. त्यामुळे हात फार न हलवता सूर झरझर पडतात. मतांगीकाराच्या त्या गाण्याची सुरुवातच डल्सिमरने होते. मुलीला ती ऐकवा आणि दोन्ही काठ्या आलटून-पालटून कशा पडतात ते कानाने धरायला सांगा. मिस्सात आधी ख्रिस्तप्रसाद स्वीकारण्याच्या वेळी, गाण्याशिवाय, नुसतं वाजवू द्या. काठीचा आघात मऊ हवा. माइक वाद्याला चिकटवू नका, नाहीतर सूर दबून खटखटच ऐकू येते.

प्रश्न : मलिन्स कोणत्या चर्चचा होता? आमच्यात यावरून वाद झाला. (एक वाचक, अहिल्यानगर)

उत्तर : घर क्वेकर, काम मेथडिस्ट मंडळीत, शिक्षण बायबल कॉलेजात. शेवटच्या काळात त्याला असिसीच्या संत फ्रान्सिसचं वेड लागलं होतं. त्या प्रेरणेतून त्याने मित्रांसोबत एक संगीतिकाही केली आणि कॅथलिक शिकवणीच्या वर्गालाही तो बसत होता. रीतसर कॅथलिक होण्याआधीच अपघात झाला. तुमच्यातल्या दोन्ही बाजूंना त्याची गाणी येत असतील, तर पुढच्या बैठकीत वादाऐवजी तीच म्हणा.