कोर्टवरच्या कोट्या : नवख्या मित्रासाठी

संघात नवा आहेस, तर आधी ऐकत जा. बास्केटबॉलमध्ये टोमणा कधी मारायचा हे कळण्यातच अर्धी गंमत आहे. १९८६ मध्ये एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगच्या पहिल्या थ्री-पॉइंट (लांबून तीन गुणांचे शॉट मारायच्या) स्पर्धेआधी तिथला खेळाडू लॅरी बर्डने ड्रेसिंग रूममध्ये शिरून विचारलं, दुसरा नंबर कोणाचा येणार? आणि मग तो खरंच जिंकला! पुढची दोन वर्षंही तोच जिंकला. हात चालत असेल तरच असं वाक्य शोभतं. शॉट हुकला की तेच तुझ्यावर उलटतं.

एनबीएचाच डिकेम्बे मुटोम्बो शॉट अडवला की तर्जनी हलवायचा, ‘नाही, नाही’ अशी. मला हा विनोद सर्वांत आवडतो. पण प्रतिस्पर्ध्याच्या तोंडासमोर बोट नाचवलं की टेक्निकल फाउल (गैरवर्तनाचा दंड) मिळू लागला, म्हणून नंतर तो प्रेक्षकांकडे वळून हलवायचा.

तू सुरुवात आपल्याच संघापासून कर. सोपा ले-अप (बास्केटजवळून टाकायचा शॉट) चुकलेल्याला लगेच चिडवू नकोस, त्याला पुढची बास्केट करू दे, मग खुशाल चिडव. उंची, रंग, घरचे लोक यांवर मात्र कधीच नाही. आणि रेफरीशी थट्टा सामना संपल्यावरच.