तक्रार द्यायला गेलो, तर आरोपी मीच!

प्रश्न : मी ठाण्याला राहतो, खासगी कंपनीत नोकरीला आहे, वय ४२. मागच्या पंधरवड्यात रात्री आठच्या सुमारास बायको आणि मुलीला घेऊन घोडबंदर रोडने घरी चाललो होतो. मानपाड्याजवळ एका बाइकने डावीकडून कट मारला, माझा आरसा तोडला आणि मागे बसलेल्या मुलाने वळून शिवी दिली. माझं डोकंच फिरलं. हॉर्न देत, अप्पर मारत मी त्यांच्या मागे लागलो आणि वाघबीळच्या पुढे गाडी आडवी घालून त्यांना थांबवलं. बाचाबाची झाली, मी एकाच्या कानाखाली दिली. दुसऱ्याने हेल्मेट काढून माझ्या हातावर मारलं. लोकांनी सोडवासोडव केली. दुसऱ्या दिवशी पोलीस ठाण्यात गेलो, तर त्या मुलांनी रात्रीच माझ्यावर एफआयआर केलेला! माझी मात्र नुसती एनसी (अदखलपात्र तक्रारीची नोंद) घेतली. दोन दिवसांनी एक्स-रे काढला, तर करंगळीमागचं हाड मोडलेलं. आता ‘दोन लाख द्या, मिटवून टाकू, नाहीतर कलमं वाढतील’ असे निरोप येताहेत. कंपनी मला जर्मनीला पाठवणार आहे आणि पासपोर्टचं नूतनीकरण बाकी आहे. मार मी खायचा आणि गुन्हाही माझ्यावरच? चोराच्या उलट्या बोंबा नाहीत का या? मला अटक होईल का? पैसे देऊन मोकळं व्हावं का?
– एक वाचक, ठाणे

उत्तर : पत्रासोबत एफआयआरची प्रत, हॉस्पिटलचे कागद आणि तुमच्या पत्नीने घेतलेला व्हिडिओ पाठवलात ते बरं झालं. नुसतं पत्र वाचून मी वेगळं उत्तर दिलं असतं.

आधी अटकेचं, कारण झोप त्याने उडालेली दिसते. तुमच्यावर भारतीय न्याय संहितेची कलम १२६(२), ११५(२), ३५१(२) आणि ३५२ लावली आहेत. म्हणजे बेकायदा अडवणूक, मारहाण, धमकी आणि शांतताभंग होईल असा अपमान. चारही जामीनपात्र आहेत. जामीनपात्र गुन्ह्यात जामीन हा तुमचा हक्क असतो, पोलिसांची मेहेरबानी नव्हे. शिवाय सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात सरसकट अटक करू नका, आधी नोटीस द्या, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये अर्णेश कुमार प्रकरणात बजावलेलं आहे. तुम्हाला नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या कायद्याच्या, कलम ३५(३)ची हजर राहण्याची नोटीस येईल. त्या तारखेला हजर राहा. कामाचं कारण सांगून टाळाटाळ केलीत, तर मात्र अटकेला निमित्त मिळेल. मित्रांनी सुचवलेला अटकपूर्व जामीन आज मिळणारच नाही, तो अजामीनपात्र गुन्ह्यासाठी असतो. पुढे तपासात कलम ११८ वाढलं, म्हणजे तुम्ही एखाद्या घातक वस्तूने मारलं असं जबाबात आलं, तर त्याच दिवशी वकील घेऊन ठाण्याच्या सत्र न्यायालयात जा.

आता तुमचा खरा सल. त्यांचा एफआयआर आणि तुमची एनसी, असं का? तुम्हाला यात वशिला दिसतो. मला कागदांवर तरी तसं दिसत नाही. साधी मारहाण अदखलपात्र आहे, म्हणजे कोर्टाच्या आदेशाशिवाय पोलीस तिचा तपास करू शकत नाहीत. तुम्ही नुसती कानाखाली दिली असती, तर त्या मुलांचीही एनसीच झाली असती. पण तुम्ही गाडी आडवी घातलीत. माणसाला ज्या दिशेने जाण्याचा हक्क आहे तिकडे जाऊ न देणं ही कलम १२६ मधली अडवणूक. शिक्षा किरकोळ आहे, जास्तीत जास्त एक महिना साधी कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड, पण गुन्हा दखलपात्र आहे. आणि अनेक कलमांपैकी एक जरी दखलपात्र असलं, तरी सगळं प्रकरण दखलपात्र धरायचं, असं नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १७४ सांगतं. तुमचं स्टिअरिंग डावीकडे वळलं तिथे एफआयआर तयार झाला. थप्पड नंतरची.

तुम्ही पोलिसांकडे गेलात तेव्हा हात नुसता सुजलेला होता, एक्स-रे नव्हता. ठाणे अंमलदारासमोर आलेली तक्रार होती साध्या दुखापतीची, म्हणून एनसी. आता हाड मोडल्याचा पुरावा आहे आणि हाड मोडणं ही कायद्याच्या व्याख्येत गंभीर दुखापत आहे. मग कलम ११७(२) लागतं, शिक्षा सात वर्षांपर्यंत. हेल्मेट हे घातक हत्यार मानलं गेलं, तर कलम ११८(२), किमान एक वर्ष आणि जास्तीत जास्त जन्मठेप. हेल्मेट हत्यार ठरेल का, हे ते कसं आणि कुठे मारलं यावर ठरतं. डोक्यावरचा घाव आणि हातावरचा घाव यांत कोर्ट फरक करतं.

एवढं वाचून तुम्हाला हुरूप आला असेल, म्हणून लगेच केसपेपर काढते. त्यावर डॉक्टरांनी लिहिलंय : ‘बाथरूममध्ये पाय घसरून पडल्याने दुखापत’. हे डॉक्टरांनी मनाने लिहिलेलं नाही, तुम्ही सांगितलंत म्हणून लिहिलं. पोलिसांची कटकट नको, मेडिक्लेमला अडचण नको, म्हणून लोक सर्रास असं सांगतात. आणि मग तेच वाक्य उलटतपासणीत त्यांच्यासमोर येतं. ‘हाड हेल्मेटने मोडलं की बाथरूममध्ये?’ या एका प्रश्नावर तुमची अख्खी फिर्याद लटकलेली आहे.

यावर उपाय एकच, खरं सांगणं, आणि तेही आत्ता. पोलिसांना लेखी पुरवणी जबाब द्या : मारहाण झाली, घाबरून डॉक्टरांना खरं कारण सांगितलं नाही. एक्स-रेची तारीख, एनसीत आधीच नोंदलेली हाताची सूज आणि पत्नीची साक्ष या तीन गोष्टी तुमच्या बाजूने उभ्या राहतील. हॉस्पिटलमधल्या ओळखीच्या माणसाकडून केसपेपर ‘दुरुस्त’ करून घेण्याचा विचार मनात आला असेल, तर तो तिथेच सोडा. खोटा पुरावा तयार करणं हा वेगळा गुन्हा आहे आणि त्याची शिक्षा थपडेच्या कितीतरी पट आहे. मेडिक्लेम बाथरूमच्या कारणावर भरला असेल, तर विमा कंपनीलाही लेखी कळवा.

या जबाबासोबत एक्स-रे आणि अस्थितज्ज्ञांचं प्रमाणपत्र जोडा, एफआयआर नोंदवण्याची मागणी करा आणि पोच घ्या. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर घ्यावाच लागतो, हे ललिता कुमारी निकालात (२०१३) ठरलेलं आहे. नाही घेतला, तर तोच अर्ज रजिस्टर्ड पोस्टाने पोलीस उपायुक्तांना पाठवा आणि तरीही हालचाल नसेल तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७५(३)खाली जा. मग दोन्ही बाजूंच्या फिर्यादी समोरासमोर येतील. अशा क्रॉस केसेस शक्यतो एकाच न्यायाधीशासमोर चालवतात.

तुमचा बचाव काय, हे तुम्ही विचारलेलं नाही, पण पत्रभर तोच आहे : त्यांनी चिडवलं. कायद्यात चिथावणीला जागा आहे. गंभीर आणि अचानक चिथावणीने केलेल्या साध्या दुखापतीला कलम १२२(१) आहे, एक महिन्यापर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड. मात्र त्यात ‘अचानक’ हा शब्द भारी पडतो. नानावटी खटल्यात नौदल अधिकाऱ्याने बायकोच्या प्रियकराला, प्रेम आहुजाला, गोळ्या घातल्या होत्या; चिथावणीचं याहून मोठं कारण कुठून आणणार? तरी १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की घरून निघून, रिव्हॉल्व्हर मिळवून प्रेम आहुजाच्या घरी पोहोचेपर्यंत मधे जो वेळ गेला, तो डोकं शांत व्हायला पुरेसा होता. तुमचे काही तास गेले नाहीत, मिनिटं गेली. पण मानपाडा ते वाघबीळ हे अंतर नकाशावर मोजता येतं. पाटलीपाडा मधे येतं. एवढ्या वाटेत तुम्ही किती वेळा ब्रेक दाबला, गिअर बदलला, लेन धरली, हे समोरचा वकील विचारणारच. इतकं सगळं करणारा माणूस भानावर नव्हता, हे पटवणं अवघड आहे. आणि कट मानपाड्याला बसला, कानाखाली वाघबीळला दिली, म्हणून ती स्वसंरक्षणातही बसत नाही. उलट तो बचाव तीच मुलं घेतील : अनोळखी माणसाने गाडी आडवी घातली, अंगावर आला, म्हणून हेल्मेट उगारलं. हाड मोडण्याइतकं मारायची गरज नव्हती, हे तुमचं उत्तर असेल आणि त्यात दम आहे.

आरसा तोडला ती तोडफोड नव्हे. मुद्दाम नुकसान केल्याचं सिद्ध व्हावं लागतं आणि कट मारताना हँडल घासणं त्यात बसत नाही. तो बेदरकारपणा, कलम २८१. तेही तुमच्या अर्जात लिहा. फक्त हे ध्यानात ठेवा की अप्पर मारत पाठलाग करणं हेही त्याच कलमात बसू शकतं. मोटार वाहन कायद्याच्या कलम १८४ मध्येही बसू शकतं : पहिल्या वेळेला सहा महिने ते एक वर्ष कैद किंवा एक ते पाच हजार दंड किंवा दोन्ही. लायसन्सवर कारवाई वेगळी.

‘एका थोबाडीत दिली तर काय एवढं,’ असं तुम्ही लिहिलं आहे, म्हणून पतियाळाचं एक प्रकरण सांगते. डिसेंबर १९८८. रस्त्यात उभी असलेली जिप्सी बाजूला घेण्यावरून वाद, त्यात ६५ वर्षांच्या गृहस्थांना बसलेला हाताचा फटका, आणि त्यांचा मृत्यू. आरोपी नवज्योतसिंग सिद्धू. सत्र न्यायालयात निर्दोष, उच्च न्यायालयात तीन वर्षं शिक्षा, २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात हजार रुपये दंड, आणि फेरविचारात मे २०२२ मध्ये एक वर्ष सक्तमजुरी. धडधाकट माणसाचा हात हेच हत्यार होऊ शकतं, असं त्या निकालात म्हटलं आहे. घटनेपासून तुरुंगापर्यंत ३३ वर्षं गेली. त्या मुलाचा तोल जाऊन डोकं दुभाजकावर आपटलं असतं, तर आज आपण जामीनपात्र कलमांवर बोलत नसतो.

आणि घोडबंदरला रात्री आठ वाजता गाडी आडवी! गुजरातकडे जाणारे कंटेनर त्याच रस्त्याने येतात. तुमची मुलगी मागच्या सीटवर होती. या गोष्टीला कुठलंही कलम लागलेलं नाही, पण पत्रात मला सगळ्यात जास्त तीच खटकली.

‘मी असा माणूस नाही,’ असं तुम्ही म्हणता. मी मानते. अशा केसेसमध्ये माझ्यासमोर बसणारे बहुतेक पक्षकार तुमच्यासारखेच असतात : बँकेतले, शिक्षक, एखादे डॉक्टरसुद्धा. सोसायटीच्या जिन्यात धक्का लागला तर हीच माणसं ‘सॉरी’ म्हणून बाजूला होतात, कारण समोरचा चेहरा दिसतो आणि उद्या पुन्हा भेटणार असतो. रस्त्यावर दिसते ती नंबरप्लेट. दिवसभराचं ऑफिस, मेट्रोच्या कामाने अरुंद झालेल्या लेन, त्यात बायको-मुलीसमोर कोणी शिवी दिली की गप्प बसणं म्हणजे नामर्दपणा वाटतो. समोरच्या मुलाचंही तेच, त्याच्या मागे मित्र बसलेला असतो. कोर्ट हे समजून घेतं, पण शिक्षा ठरवताना. गुन्हा ठरवताना नाही.

व्हिडिओबद्दल. तुमच्या मते तो तुमचा हुकमाचा एक्का आहे. व्हिडिओ सुरू होतो तेव्हा तुमचा उजवा हात त्या मुलाच्या कॉलरवर आहे आणि तुम्ही जे बोलताय ते इथे छापता येणार नाही. हेल्मेट शेवटच्या काही सेकंदांत येतं. हाच व्हिडिओ तुम्ही ‘बघा कशी गुंडगिरी चालते’ म्हणून सोसायटीच्या ग्रुपवर टाकलात. हे हात दाखवून अवलक्षण झालं. आता तो पुसू नका, कापू नका, पुढे पाठवू नका. पुरावा नष्ट करणं हाही गुन्हा आहे. पोलिसांकडे तो अख्खाच द्यायचा आणि सोबत साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३चं, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणारं, प्रमाणपत्र जोडायचं. वाघबीळच्या आसपासच्या दुकानांचं, पेट्रोल पंपाचं सीसीटीव्ही चित्रण जपून ठेवावं, असा अर्ज तपास अधिकाऱ्याला आजच द्या. ही चित्रणं थोड्या दिवसांत आपोआप पुसली जातात आणि पंधरवडा आधीच गेला आहे.

दोन लाखांचं सांगायचं, तर मिटवायला माझी हरकत नाही, उलट सल्ला तोच आहे. हरकत आहे ती पद्धतीला. पोलीस ठाण्याबाहेर चहाच्या टपरीवर रोख दिलेत आणि साध्या कागदावर सह्या घेतल्यात, तर एफआयआर जिथल्या तिथे राहतो. तुमच्यावरची चारही कलमं तडजोडीने मिटणारी आहेत, पण तडजोड कोर्टात नोंदवावी लागते. तुमच्या फिर्यादीवर कलम ११८ लागलं, तर ते तडजोडीने मिटत नाही. मग दोन्ही बाजूंनी संमतीने मुंबई उच्च न्यायालयात नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८खाली दोन्ही एफआयआर रद्द करून घ्यायचे. ग्यान सिंग निकालापासून (२०१२) खासगी स्वरूपाच्या भांडणात हे होऊ शकतं. हाड मोडलेलं तुमचं असताना दोन लाख तुम्ही का द्यायचे, हा प्रश्न तुमचा एफआयआर नोंदवला गेला की त्या मुलांनाही पडेल. पैसे द्यायचेच ठरले, तर चेकने आणि संमतीपत्रात लिहून. ‘कलमं वाढवू’ असे मेसेज आलेत, ते जपून ठेवा आणि उत्तर देऊ नका. धमकी देऊन पैसे मागणं ही खंडणी ठरू शकते.

पासपोर्ट कायदा नूतनीकरण नाकारण्याबद्दल बोलतो ते फौजदारी न्यायालयात खटला प्रलंबित असताना. तुमचं प्रकरण अजून तपासावर आहे. दोषारोपपत्र दाखल होऊन कोर्टाने दखल घेतली, की परदेशी जायला त्याच कोर्टाची परवानगी मागावी लागेल. नोकरीचं कारण आणि कंपनीचं पत्र असेल तर अशी परवानगी मिळते, म्हणून नूतनीकरणाचा अर्ज लांबवू नका. अर्जात किंवा व्हिसाच्या फॉर्मवर गुन्ह्याबद्दल विचारलं असेल, तर असेल ते खरं लिहा. पोलीस पडताळणीत एफआयआर दिसतोच. आणि कंपनीच्या एचआरला हे दुसऱ्या कोणाकडून कळण्याआधी तुम्हीच सांगा.

पत्नी साक्षीदार होऊ शकतात. त्यांचा जबाब घ्यावा, असं अर्जात लिहा. मुलीला यात आणू नका. नोटिशीच्या तारखेला जाताना वकील, मूळ एक्स-रे आणि ज्या फोनवर चित्रीकरण झालं तो फोन सोबत न्या. फोन ताब्यात घेतला, तर पंचनाम्याची प्रत मागून घ्या.